युंगफ्राऊयोखला एका दिवसात जायचं तर गाईडबरोबर की आपापलं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मेच्या शेवटी आठ दिवस स्वित्झर्लंड, मुक्काम झुरिकला भावाकडे. बरोबर पत्नी, नऊ वर्षांची मुलगी, ७१ वर्षांचे वडील आणि रक्तदाबाची गोळी घेणारी ६६ वर्षांची आई. झुरिकहून गाईडसह निघणारी युंगफ्राऊयोखची, म्हणजे आल्प्समधल्या त्या बर्फातल्या उंच रेल्वे स्थानकाची, एक दिवसाची सहल घ्यावी की स्वतः जावं? आईला वर त्रास होईल का? मुलीला बर्फात खेळायला मिळेल का?

अठरा वर्षं मी मराठी ग्रुप घेऊन तिथे जातोय, म्हणून आधी उत्तर देतो आणि मग कारणं. जमत असेल तर भावाचं घर दोन रात्रींसाठी सोडा आणि डोंगराच्या पायथ्याशी इंटरलाकेन, विल्डर्सविल किंवा लाउटरब्रुनेनला राहा. दोनपैकी जी सकाळ स्वच्छ उजाडेल त्या सकाळी वर जा. ते जमणारच नसेल तर गाईडची सहल वाईट नाही, पण पैसे भरण्याआधी काही गोष्टी विचारून घ्या. त्या पुढे सांगतो.

झुरिकच्या सहलीचा दिवस साधारण असा जातो. सकाळी आठच्या सुमारास बस निघते, दोन-अडीच तासांत डोंगराच्या पायथ्याशी येते, मग रेल्वे किंवा रोपवे, मग पुन्हा रेल्वे. वर पोचायला दुपार होते. वर दोन, फार तर अडीच तास मिळतात. संध्याकाळी सात-आठला परत. म्हणजे अकरा-बारा तासांच्या दिवसात ज्यासाठी गेलात तिथे दोन तास. त्यातले जेवणाचे आणि स्वच्छतागृहाच्या रांगेचे वजा करा. गाईड चांगला असेल तर हे दोन तास नीट वापरले जातात, पण तोही सूर्याला थांबवू शकत नाही. मेपासून ऑगस्टपर्यंत बऱ्याच दिवशी सकाळी शिखरं मोकळी असतात आणि दुपारनंतर ढग चढायला लागतात. झुरिकची बस नेमकी त्याच वेळी वर पोचते.

माझ्या पहिल्या काही वर्षांतला एक ग्रुप आठवतो. पस्तीस माणसं, तारीख सहा महिने आधी ठरलेली. वर गेलो तर सगळीकडे पांढरं. बर्फ कुठे संपतो आणि ढग कुठे सुरू होतो तेही कळेना. सांगलीचे एक काका बराच वेळ काचेला नाक लावून उभे होते. मग वळून म्हणाले, "अहो, एवढी भिंत तर आमच्या गोठ्यालाही आहे, चुनाही ताजा आहे." सगळे हसले, मीही हसलो, पण त्या दिवशीचं तिकीट मनात टोचत राहिलं. पूर्ण भाड्याने गेलात तर इंटरलाकेनहून जाऊन-येऊन माणशी दोनशे फ्रँकच्या वर जातात. पाच जणांचा हिशेब तुम्हीच करा.

म्हणून तारीख आपल्या हातात हवी. वरच्या कॅमेऱ्यांचं थेट चित्र रेल्वेच्या संकेतस्थळावर दिसतं. स्वित्झर्लंडमधल्या बऱ्याच हॉटेलांत सकाळी टीव्हीवरही सगळ्या शिखरांची चित्रं आळीपाळीने फिरत असतात. खिडकीबाहेर बघून निर्णय घेऊ नका, कॅमेरा बघा. दरीत पाऊस आणि वर ऊन असं होतं, उलटंही होतं. शरद ऋतूत तर कित्येकदा खाली दिवसभर धुकं आणि त्यावर लख्ख उन्हातली शिखरं. अशा दिवशी खिडकी बघून घरी बसलेल्यांची मला कीव येते.

झुरिकहून इंटरलाकेन ओस्ट रेल्वेने दोन तासांवर आहे, बर्नला गाडी बदलायची. "ओस्ट" म्हणजे पूर्व. गावाला दोन स्थानकं आहेत आणि डोंगराची गाडी फक्त याच स्थानकातून सुटते, एवढं लक्षात ठेवा. ही गाडी पुढे त्स्वायल्युत्शिनेनला दुभंगते. अर्धे डबे लाउटरब्रुनेनला जातात, अर्धे ग्रिंडेलवाल्डला. डब्यावरची पाटी वाचूनच चढा. आई-बाबा एका डब्यात आणि तुम्ही दुसऱ्या, असं झालं तर पुढे घाम फुटतो.

आता मुळातली गंमत. सगळे "शिखरावर गेलो" म्हणतात, पण ही रेल्वे शिखरावर जात नाही. ती जाते खिंडीत. युंगफ्राऊ म्हणजे कुमारिका, शेजारच्या म्योन्खचा अर्थ भिक्षू, आणि या दोघांमधला जो खोलगट भाग तो योख. जर्मन योख आणि आपलं बैलाच्या मानेवरचं जू हे एकाच मूळ शब्दातून आलेले. दोन खांद्यांवर ठेवलेलं बर्फाचं जू डोळ्यांसमोर आणा, जागा लगेच कळेल. युंगफ्राऊ ४१५८ मीटर, म्योन्ख ४१०० हून थोडा जास्त, आणि स्थानक ३४५४ मीटरवर. युरोपातलं सर्वांत उंच रेल्वे स्थानक हेच.

आडोल्फ गुयर-झेलर या झुरिकच्या उद्योगपतीला १८९३ मध्ये या डोंगरांत फिरताना ही कल्पना सुचली. त्याला तर थेट युंगफ्राऊच्या माथ्यापर्यंत जायचं होतं, शेवटचा टप्पा उद्वाहनाने. १८९६ मध्ये काम सुरू झालं, १८९९ मध्ये तो वारला. सात वर्षांत होईल म्हटलेलं काम सोळा वर्षं चाललं, पैसे आटले आणि रेल्वे खिंडीतच थांबली. १ ऑगस्ट १९१२ ला, म्हणजे त्यांच्या राष्ट्रीय दिनी, ती सुरू झाली. खडक फोडणारे बहुतेक मजूर इटलीहून आलेले होते, आणि त्यातले कित्येक परत गेले नाहीत. गाडीत बसल्यावर मी हे ग्रुपला नेहमी सांगतो, कारण पुढचा बोगदा लांब आहे आणि बाहेर बघायला काही नसतं.

किती चढ? आपल्या बोर घाटात सदतीस फुटांना एक फूट चढ आहे, तरी कर्जतला मागून इंजिनं लावावी लागतात. माथेरानच्या गाडीला वीसला एक. इथे सर्वांत तीव्र ठिकाणी चारला एक. नुसत्या चाकाला रुळावर एवढी पकड राहूच शकत नाही, म्हणून दोन रुळांच्या मधोमध दातेरी पट्टी आहे आणि गाडीखालचं दातेरी चाक तिच्यात अडकत वर सरकतं. ९ किलोमीटर ३४० मीटरच्या मार्गापैकी सात किलोमीटरहून जास्त बोगदा, तोही शेजारचं आयगर शिखर आणि म्योन्ख यांच्या पोटातून. पहिल्या दिवसापासून ही रेल्वे विजेवर चालते. उतरताना मोटारी उलट वीज तयार करून तारेत परत सोडतात. तुमचे वडील रेल्वेवेडे असतील तर त्यांना चढताना मोटरमनच्या मागची जागा पकडून द्या, बाकी सगळ्यांना दरीच्या बाजूची खिडकी.

वर जायला दोन वाटा. नवी वाट म्हणजे ग्रिंडेलवाल्डहून आयगर एक्सप्रेस. डिसेंबर २०२० मध्ये सुरू झालेला हा रोपवे तीन दोरांवर चालतो, एका केबिनमध्ये २६ माणसं बसतात आणि पंधरा मिनिटांत तुम्ही २३२० मीटरवर, आयगरग्लेचर स्थानकात; तिथून पुढे रेल्वे. जुनी वाट म्हणजे लाउटरब्रुनेनहून वेंगेनवरून क्लायने शायडेकपर्यंत हिरवी-पिवळी दातेरी गाडी, तिथून लाल गाडी. बहुतेक सहली नव्या वाटेने चढतात आणि जुन्या वाटेने उतरतात, कारण सकाळी वेळ वाचतो. तुमच्या घरच्या मंडळींसाठी मी उलटं सुचवेन. चढताना जुनी गाडी, उतरताना रोपवे.

हे आईसाठी. उंची आपल्या मापाने मोजू. लाउटरब्रुनेन ७९६ मीटर. मोटारींना बंदी असलेलं वेंगेन गाव महाबळेश्वरपेक्षा जरा खाली. पुढे गाडी कळसूबाईची उंची ओलांडते आणि क्लायने शायडेक २०६१ मीटरवर येतं. वर ३४५४ मीटर, म्हणजे जवळपास लेहची उंची. लेहला विमानाने उतरलं की दोन दिवस स्वस्थ पडून राहा म्हणतात. इथे त्याच उंचीवर सकाळी चहा पिऊन निघालेला माणूस दुपारच्या आत पोचतो. फरक एवढाच की लेहला आपण झोपतो, इथे दोन-तीन तासांत खाली येतो. उंचीचा खरा आजार चढायला सहसा काही तास लागतात, म्हणून एका दिवसाच्या सहलीत बहुतेकांना फक्त धाप, हलकं डोकं, थोडी डोकेदुखी, पेंग एवढंच जाणवतं. हवेत प्राणवायूचं प्रमाण तेवढंच असतं, पण हवेचा दाबच समुद्रसपाटीच्या सुमारे दोन तृतीयांश राहतो, त्यामुळे दर श्वासात कमी मिळतो.

क्लायने शायडेकला अर्धा तास बसल्याने शरीर उंचीला सरावत नाही, हे खरं. पण आई तिथे कशी आहे ते तुम्हाला दिसतं. दोन हजार मीटरवरच चेहरा उतरला, छातीत धडधड वाटली, तर तिच्याबरोबर कुणीतरी तिथेच थांबा. समोर आयगरची उभी भिंत आहे, ऊन आहे, चहा आहे, आणि खरं सांगायचं तर तिथूनचं दृश्य काही कमी नाही. निघण्यापूर्वी तिच्या डॉक्टरांना "साडेतीन हजार मीटर, दोन तास" एवढं स्पष्ट सांगून विचारा. नुसतं "स्वित्झर्लंडला चाललोय" म्हटलं तर ते स्वेटर न्या म्हणतील. हृदयाचा किंवा फुप्फुसाचा जुना त्रास असेल तर हा प्रश्न आणखी गंभीरपणे घ्या. त्या दिवशीची गोळी चुकवायची नाही, पाणी घोट-घोट पीत राहायचं, वर गेल्यावर बिअर-वाईन नको.

माझी एक चूक सांगतो. सुरुवातीच्या काळात वेळ वाचवायचा म्हणून मी ग्रुपला फलाटावरून थेट स्फिंक्सच्या, म्हणजे वरच्या वेधशाळेच्या, लिफ्टकडे पळवायचो. एकदा एक काकू अर्ध्या वाटेत भिंतीला टेकून खाली बसल्या, ओठ पांढरे. त्यांना काही झालं नाही, पुढच्या गाडीने खाली नेल्यावर अर्ध्या तासात त्या मलाच धीर देत होत्या. पण तेव्हापासून माझा नियम आहे: गाडीतून उतरल्यावर पहिली वीस मिनिटं कुठेही जायचं नाही. काचेच्या दालनात बसा, टोप्या घाला, पाणी प्या. मग चाला, आणि असं चाला की बोलताना वाक्य तुटू नये. वाक्य तुटायला लागलं की थांबा. डोकेदुखी वाढत असेल, मळमळ किंवा तोल जात असेल तर वाट न बघता खाली निघा. गाड्या साधारण अर्ध्या तासाने असतात आणि अर्ध्या तासात तुम्ही हजारभर मीटर उतरलेले असता. औषधापेक्षा ते उतरणंच जास्त गुणकारी. मुलीच्या कानांना बोगद्यात आणि रोपवेत दडे बसतील, चघळायला काहीतरी जवळ ठेवा.

चढताना ३१६० मीटरवर आइसमेअर या बोगद्यातल्या स्थानकात गाडी पाच मिनिटं थांबते. खडकात कोरलेल्या काचांमधून हिमनदीच्या भेगा दिसतात. खाली उतरा, पण रमतगमत नको. पाच म्हणजे पाच. आपले काका-मामा "आलोच" म्हणून कुठे जातात ते मला आजवर कळलेलं नाही.

वर काय बघायचं याची पाटी जागोजागी आहे, बाणांमागे गेलात की सगळं होतं. तरी क्रम माझा ऐका. आकाश मोकळं असेल तर आधी बाहेरचं, मग आतलं. बर्फाचा महाल ढगाळ दिवशीही तसाच दिसणार आहे. म्हणजे वीस मिनिटं बसून झालं की लिफ्टने स्फिंक्सवर. ही लिफ्ट शंभरेक मीटर अर्ध्या मिनिटाच्या आत चढते, गच्ची ३५७१ मीटरवर. १९३७ मध्ये ही वेधशाळा बांधली गेली, संशोधक तिथे आजही काम करतात. दक्षिणेकडे आलेच हिमनदी, आल्प्समधली सर्वांत मोठी, सुमारे २० किलोमीटर लांब. २००१ पासून हा परिसर युनेस्कोच्या वारसा यादीत आहे. इथे एक गोष्ट मी नेहमी दाखवतो. या बाजूचं पाणी ऱ्होन नदीतून भूमध्य समुद्रात जातं, आणि मागे वळलात की उत्तरेचं पाणी आरे नदीतून ऱ्हाईनमध्ये आणि तिथून उत्तर समुद्रात. महाबळेश्वरला कृष्णा पूर्वेला आणि सावित्री पश्चिमेला जाते ना, तसंच. हे सांगितलं की फोटो काढणारे हात क्षणभर खाली येतात.

बर्फाचा महाल हिमनदीच्या पोटात आहे. १९३० च्या दशकात दोन पर्वत वाटाड्यांनी तो कोरला. हिमनदी सरकत असल्यामुळे तो सतत पुन्हा तासावा लागतो, आणि माणसांच्या अंगाच्या उबेने वितळू नये म्हणून आतली हवा उणे तीनच्या आसपास ठेवतात. फरशी बर्फाचीच आहे. वडिलांना कठडा सोडू देऊ नका आणि गुळगुळीत तळाचे चामडी बूट घालू देऊ नका.

कपड्यांबद्दल जास्त घाबरायचं कारण नाही. मेच्या शेवटी वर तापमान शून्याच्या आसपास, वारा असेल तर त्याहून बोचरं. एक जाड कोट घालण्यापेक्षा तीन पातळ थर बरे, कारण आत दालनांत उकडतं. साडी नेसायचीच असेल तर आत थर्मल, पायांत लोकरी मोजे आणि बूट. कान झाकणारी टोपी, हातमोजे. काळा चष्मा आणि सनस्क्रीन मात्र चैन नाही, गरज आहे. बर्फावरून परतणारं ऊन डोळ्यांना लागतं आणि संध्याकाळी डोळे चुरचुरायला लागतात. चष्म्याविना फोटो सुंदर येतात, एवढंच.

जेवण. वर भारतीय जेवणाचं बॉलिवूड नावाचं उपाहारगृह आहे, ग्रुपना बहुधा तिथलाच बुफे देतात. आपल्या सिनेमावाल्यांनी या भागाला एवढं वेड लावलं की इंटरलाकेनमध्ये यश चोप्रांचा पुतळा उभा राहिला, तर वरण-भात येणं ओघानेच आलं. पण भर दुपारी पोटभर बुफे खाऊन त्या उंचीवर फिरू नका. मी थोडं खाऊन खाली येऊन जेवतो. पिशवीत ठेपले, लाडू, सुकामेवा असू द्या. भाकरवडीचं पाकीट वर फुग्यासारखं टम्म फुगतं. मुलीला ते पाकीट खालीच दाखवून ठेवा आणि वर पुन्हा दाखवा, हवेच्या दाबाचा धडा होऊन जातो. चहाची अपेक्षा बेताची ठेवा. तिथे पाणी ८८-८९ अंशांनाच उकळतं, चहा कितीही उकळला तरी आपल्या टपरीचा रंग येत नाही. कोरियन नूडल्सचा कप मात्र थंडीत का कोण जाणे अमृत लागतो.

तिकिटांचं. स्विस ट्रॅव्हल पास असेल तर तो वेंगेन किंवा ग्रिंडेलवाल्डपर्यंत पूर्ण चालतो, पुढच्या टप्प्यावर २५ टक्के सवलत मिळते. हाफ फेअर कार्डावर वरपर्यंत निम्मं भाडं. तुम्ही झुरिकला भावाकडे राहून मोजक्याच दिवशी फिरणार असाल तर दुसरा पर्याय बहुधा स्वस्त पडेल. कागदावर मांडून बघा. मेपासून ऑगस्टपर्यंत वरच्या टप्प्यासाठी जागा राखून ठेवावी लागते, माणशी दहा फ्रँक. अंदाज पक्का झाला की आदल्या संध्याकाळीच ती घ्या. आधी आठवडाभर घेऊन तारखेला बांधून घेतलंत तर मी वर लिहिलेलं सगळं वाया.

आणि तरी गाईडची सहलच घ्यायची ठरली, तर विचारा: वर नक्की किती तास मिळणार? चढताना रोपवे की जुनी गाडी? परतीच्या गाडीची वेळ ठरलेली आहे का, आणि आईला बरं वाटलं नाही तर आधीच्या गाडीने उतरता येईल का? गाईड वरपर्यंत येतो की पायथ्याशी बसमध्येच थांबतो? जोरदार वाऱ्यात रोपवे बंद राहतो, तेव्हा काय करतात? वर काहीच दिसत नसेल तर पैसे परत, दुसरा दिवस, की काहीच नाही? शेवटच्या प्रश्नाचं उत्तर बहुतेक "काहीच नाही" असं येतं. त्यात त्यांची लबाडी नाही, तिकिटं आधीच घेतलेली असतात. पण ते तुम्हाला आधी माहीत हवं.

दोन्ही सकाळी ढगच असले तर युंगफ्राऊयोख सोडून द्या. लाउटरब्रुनेनला जवळपास तीनशे मीटर उंचीवरून कोसळणारा श्टाउबबाख धबधबा आहे, पावसात तो आणखी छान दिसतो. वाचलेल्या पैशांत नंतर एखाद्या स्वच्छ दिवशी त्सेर्माटहून गोर्नरग्राट गाठता येईल. ३०८९ मीटर, १८९८ पासूनची दातेरी रेल्वे, जवळजवळ सगळी उघड्यावरून जाणारी आणि समोर माटरहॉर्न शिखर. खरं तर गाडीच्या खिडकीतून बघण्याची हौस असेल तर मला तीच जास्त आवडते, पण मराठी ग्रुपला हे सांगितलं की "पण युंगफ्राऊ राहिलं ना" असं उत्तर येतं.

मुलीचं राहिलं. बर्फ वर बारा महिने असतो आणि मेच्या शेवटी तर भरपूर. पठारावर, जिथे झेंड्यापाशी फोटोची रांग लागते, तिथे दोऱ्यांनी आखलेल्या भागात खेळता येतं. दोऱ्यांपलीकडे एक पाऊलही नाही, तिथे बर्फाखाली भेगा असतात आणि वरून त्या दिसत नाहीत. पंधरा मिनिटांत तिचे हातमोजे आणि मोजे ओले होणार. दोन्हींची जादा जोडी आणि ओलं ठेवायला एक प्लास्टिकची पिशवी घ्या.